सोसायटीच्या कमिटीविरुद्ध दाद मागायची आहे? आधी ‘तुम्ही कोण?’ याचं उत्तर तयार ठेवा

सोसायटीविरुद्ध तक्रार घेऊन उपनिबंधक कार्यालयात, म्हणजे सोसायट्यांवर देखरेख ठेवणाऱ्या सहकार खात्याच्या स्थानिक कार्यालयात, जाणाऱ्यांकडे बहुधा जाड फाइल असते. बिलांच्या प्रती, गळक्या छताचे फोटो, व्हॉट्सॲप ग्रुपवरच्या भांडणाचे प्रिंटआउट, सगळं तारीखवार लावलेलं. तरी पहिल्याच सुनावणीत समोरून एक वाक्य येतं, ‘अर्जदार सभासदच नाहीत’, किंवा ‘हा विषय या कार्यालयाच्या अखत्यारीतला नाही’. आणि फाइल न उघडता अर्ज निकाली निघतो. तक्रार खोटी असते म्हणून नव्हे. तक्रार करणारा माणूस, त्याने निवडलेलं दार आणि त्याने केलेली मागणी या तिघांचा मेळ बसत नाही म्हणून.

हे सगळं महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० खाली नोंदलेल्या गृहनिर्माण संस्थांबद्दल आहे. तुमची इमारत त्यात मोडते का, हे आधी बघा. सोसायटीच्या लेटरहेडवर नोंदणी क्रमांक असतो आणि त्यात ‘एचएसजी’ ही अक्षरं दिसतात. त्याऐवजी तुमच्याकडे ‘डीड ऑफ अपार्टमेंट’ असेल आणि संस्थेच्या नावात ‘कंडोमिनियम’ किंवा ‘अपार्टमेंट ओनर्स असोसिएशन’ असेल, तर तुम्हाला १९७० चा अपार्टमेंट मालकी कायदा लागतो आणि खालची कलमं तुमच्या कामाची नाहीत. पुण्यात अशा इमारती पुष्कळ आहेत; तिथले लोकही सवयीने ‘आमची सोसायटी’च म्हणतात. गोव्यातल्या वाचकांसाठी तर कायदाच वेगळा, २००१ चा.

सभासद म्हणजे नेमकं कोण

फ्लॅट तुमचा आहे, मेंटेनन्स तुम्ही भरता, वीस वर्षं राहता, यातल्या कशानेही तुम्ही सभासद होत नाही. सभासदत्व सिद्ध होतं ते दोन कागदांनी, शेअर सर्टिफिकेट आणि सोसायटीची ‘आय’ नमुन्यातली सभासद नोंदवही. ‘जे’ नमुन्यातली सभासदांची यादीही सोबत लागते. शेअर सर्टिफिकेटच्या मागच्या बाजूला हस्तांतराच्या नोंदी असतात. तुमचं नाव तिथे, सही-शिक्क्यानिशी आणि ठरावाच्या तारखेसह आलेलं आहे का, ते पाहा. पुष्कळांकडे सर्टिफिकेट मूळ मालकाच्याच नावाचं पडून असतं आणि मागची बाजू कोरी असते. कमिटीशी गोडीगुलाबी असेपर्यंत त्याचं कुणाला काही वाटत नाही.

२०१९ च्या दुरुस्तीने गृहनिर्माण संस्थांसाठी कायद्यात तेरा-ब हे स्वतंत्र प्रकरण आलं आणि सभासदांचे प्रकार नव्याने ठरले. कलम १५४ब-१ मधल्या व्याख्या एकदा शांतपणे वाचा, कारण जुन्या छापील उपविधींमधली (सोसायटीच्या नियमावलीतली) ‘सहयोगी सभासद’ ही कल्पना आता तशी राहिलेली नाही.

संयुक्त सभासद म्हणजे ज्याचा फ्लॅटमध्ये आणि भागांमध्ये (शेअर्समध्ये) मालकी हिस्सा आहे, पण ज्याचं नाव सर्टिफिकेटवर पहिलं नाही. नवरा-बायकोने मिळून घेतलेल्या फ्लॅटमध्ये दुसरं नाव असलेली व्यक्ती ती ही. तिला तक्रार करता येते. मत मात्र एका सभासदत्वामागे एकच, आणि ते द्यायचा पहिला हक्क पहिल्या नावाचा.

सहयोगी सभासद हा आता सभासदाचा नातेवाईक असतो: पती, पत्नी, आई, वडील, भाऊ, बहीण, मुलगा, मुलगी, जावई, सून, पुतण्या-भाचा किंवा पुतणी-भाची. त्याचं नाव सर्टिफिकेटवर नसतं. सभासदाच्या आगाऊ लेखी संमतीने तो त्याचे हक्क वापरतो. म्हणजे वडिलांच्या नावावरच्या फ्लॅटसाठी धावपळ करणारा मुलगा आधी सहयोगी सभासद म्हणून दाखल झालेला हवा, आणि प्रत्येक अर्जाला वडिलांची लेखी संमती जोडलेली हवी. ‘बाबांचं वय झालंय, मीच बघतो सगळं’ हे घरात चालतं, सुनावणीत चालत नाही. सर्वांत सोपा उपाय म्हणजे अर्ज वडिलांच्याच नावाने करायचा, सही त्यांची घ्यायची आणि हजर राहण्यासाठी अधिकारपत्र जोडायचं.

तात्पुरता सभासद म्हणजे सभासदाच्या निधनानंतर नामनिर्देशनाच्या आधारे घेतलेला नॉमिनी. खरे वारस सभासद होईपर्यंत त्याची ही जागा असते आणि त्या काळात तो कमिटीला जाब विचारू शकतो. तो मालक मात्र होत नाही. नॉमिनी नसलेल्या वारसाने कलम १५४ब-१३ प्रमाणे मृत्युपत्र, वारस दाखला, उत्तराधिकार प्रमाणपत्र किंवा वारसांमधला कौटुंबिक व्यवस्थेचा दस्त देऊन आधी सभासदत्व मागायचं. वारसांमध्येच वाद असेल तर तो कमिटी सोडवू शकत नाही, उपनिबंधकही नाहीत. दिवाणी न्यायालयच.

भाडेकरूला नाममात्र सभासद करून घेतात. त्याला मत नाही, कारभारात भाग नाही, संस्थेच्या मालमत्तेत वाटा नाही. त्याचं पाणी बंद केलं किंवा लिफ्ट वापरू दिली नाही तर तो पोलिसांकडे किंवा दिवाणी न्यायालयात स्वतःच्या नावाने जाऊ शकतो. पण हिशेब, निवडणूक, ठराव यांवर बोलायचं असेल तर अर्ज घरमालकाच्याच नावाने हवा.

फ्लॅट घेतला, सभासदत्व अडलं

हा सर्वांत जास्त दिसणारा प्रकार आहे. नवा खरेदीदार कमिटीला नकोसा प्रश्न विचारतो, म्हणून त्याचा ट्रान्सफरचा अर्जच पडून राहतो. अशा माणसाने कारभाराविरुद्ध तक्रार करण्याची घाई करू नये. आधी सभासदत्व, मग तक्रार.

पूर्ण भरलेला अर्ज, नोंदणीकृत खरेदीखत, प्रवेश फी, हस्तांतर फी आणि प्रीमियम (हस्तांतरासाठी सोसायटी वेगळी घेते ती रक्कम) सोसायटीला द्या आणि पोच घ्या. महापालिका क्षेत्रात प्रीमियमची कमाल मर्यादा २५,००० रुपये आहे. ‘बिल्डिंग फंड’ किंवा ‘ऐच्छिक देणगी’ म्हणून जास्त मागणं हीसुद्धा तक्रारीचीच बाब आहे. तीन महिन्यांत निर्णय कळवला नाही तर कलम २२ प्रमाणे तुम्ही सभासद झाल्याचं मानलं जातं. नकार आला तर त्या तारखेपासून दोन महिन्यांत कलम २३ खाली निबंधकांकडे, म्हणजे तुमच्या भागातल्या उपनिबंधक किंवा सहायक निबंधकांकडे, अपील.

सेक्रेटरी अर्ज हातातच घेत नसेल तर? तोच अर्ज आणि रक्कम थेट निबंधक कार्यालयात द्या. कार्यालय ते ३० दिवसांत सोसायटीकडे पाठवतं आणि तिथून ६० दिवसांत सोसायटीने काही कळवलं नाही तर तुम्ही मानीव सभासद. पण ‘मानीव’ हा शब्द ऐकून खूश होऊन थांबू नका. त्याबाबत प्रश्न निघाला की निर्णय निबंधकच देतात, म्हणून तसा आदेश मागून घ्या. आदेशाशिवाय ‘मी तर डीम्ड मेंबर आहे’ म्हणत सहकार न्यायालयात (सहकारी संस्थांचे वाद चालवणाऱ्या वेगळ्या न्यायालयात) गेलात तर पहिले कित्येक महिने याच मुद्द्यावर जातील.

थकबाकीदाराला बोलता येतं का

येतं. मेंटेनन्स थकल्याने सभासदत्व जात नाही आणि तक्रारीचा हक्कही जात नाही. कमिटीची निवडणूक मात्र थकबाकीदाराला लढवता येत नाही. व्यवहारात अडचण अशी की ‘अर्जदार स्वतःच डिफॉल्टर आहे’ हे वाक्य सोसायटीच्या उत्तरात पहिल्या परिच्छेदात येतं आणि ऐकणाऱ्याचं मन तिथेच कलतं. वादातली रक्कम सोडून बाकीचं बिल वेळेवर भरा. सगळंच भरायचं असेल तर सोबत पत्र द्या की अमुक रक्कम निषेध नोंदवून भरत आहे. रोख देऊ नका. बँकेतून पाठवा आणि तपशिलात बिलाचा महिना लिहा. बिल भरणं बंद करून कमिटीला वठणीवर आणता येतं अशी एक समजूत आहे. तिचा शेवट बहुधा कलम १५४ब-२९ खालच्या वसुली दाखल्यात (थकबाकी वसूल करण्याच्या निबंधकांच्या आदेशात) होतो, आणि त्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज (वरच्या अधिकाऱ्याकडे फेरतपासणीची मागणी) करायचा तर दाखल्यातली ५० टक्के रक्कम आधी भरावी लागते.

कुठल्या दाराला कोण चालतं

आदर्श उपविधींच्या (सहकार खात्याने दिलेल्या नमुना नियमावलीच्या) शेवटच्या भागात तक्रारी कुणाकडे न्यायच्या याची मोठी यादी आहे. पुष्कळ सभासद ती कधी उघडतच नाहीत. पहिली पायरी कमिटीच: लेखी अर्ज द्यायचा, कमिटीने पुढच्या सभेत त्यावर निर्णय घ्यायचा आणि १५ दिवसांत कळवायचा. ही पायरी गाळू नका. पुढे प्रत्येक ठिकाणी ‘आधी कमिटीकडे लेखी मागणी केली होती का’ असं विचारतात.

नोंदी आणि कर्तव्यांबाबतच्या तक्रारी निबंधकांकडे जातात. शेअर सर्टिफिकेट न देणं, नामनिर्देशन न नोंदवणं, कागदपत्रांच्या प्रती नाकारणं, चेक न स्वीकारणं, वार्षिक सभा न घेणं, ऑडिट न करणं, अपात्र माणूस कमिटीवर बसवणं, प्रीमियम किंवा बिगर-वापर शुल्क (फ्लॅट भाड्याने दिल्यावर लागणारं) मर्यादेबाहेर घेणं हे सगळं त्यात येतं. बिगर-वापर शुल्काची मर्यादा सेवा शुल्काच्या १० टक्के आहे, आणि त्या सेवा शुल्कात महापालिकेचे कर धरायचे नाहीत. यासाठी एकटा सभासद पुरेसा आहे. मुंबईत वॉर्डनिहाय उपनिबंधक आहेत, इतरत्र बहुधा तालुक्याचे सहायक निबंधक.

ठराव बेकायदा आहे, पार्किंगचं वाटप चुकीचं आहे, कंत्राट भलत्यालाच दिलं, वरच्या मजल्यावरून गळतं आणि सोसायटी दुरुस्त करत नाही, जादा वसुली केली, निवडणूक चुकीची झाली: हे कलम ९१ चे वाद आहेत आणि ते सहकार न्यायालयात जातात. इथेच सर्वाधिक अर्ज फुकट जातात. लोक उपनिबंधकांना लिहितात, ‘सर्वसाधारण सभेचा ठराव रद्द करावा.’ तो वाद ऐकून ठराव रद्द करणं त्यांचं काम नाही. सभेची नोटीस दिली नाही, इतिवृत्ताची प्रत देत नाहीत, याबद्दल ते निर्देश देऊ शकतात. ठरावाचा निकाल न्यायालय लावतं. एकाच प्रसंगातून दोन वेगळे अर्ज निघत असतील तर दोन वेगळे अर्ज करा. सगळं एकत्र लिहिलेल्या बारा पानी अर्जाला उत्तर येतं ते एका ओळीचं: ‘सक्षम न्यायालयात दाद मागावी.’

अनधिकृत बांधकाम आणि वापरातला बदल महापालिकेकडे, धमकी-मारहाण पोलिसांकडे, बिल्डरने करार पाळला नाही तर दिवाणी न्यायालय किंवा महारेरा. इमारतीची देखभाल, विमा, सूचना फलक अशा घरगुती बाबी सर्वसाधारण सभेत. सेक्रेटरी पत्रच घेत नाही किंवा कमिटीच्या सभाच होत नाहीत असल्या गोष्टींसाठी जिल्हा हाउसिंग फेडरेशन, म्हणजे सोसायट्यांचा जिल्हा संघ, आहे. तिचा शब्द आदेशासारखा बांधत नाही, पण एका पत्रात काम होतं असं पुष्कळदा घडतं.

निवडणुकीत उमेदवारी अर्ज फेटाळला गेला तर कलम १५२-अ खाली अपील, आणि मुदत फक्त तीन दिवसांची. अपिलाचा निकाल दहा दिवसांत द्यायचा असतो. निवडणूक होऊन गेली की मग सहकार न्यायालय. इतर वादांना असलेली सहा वर्षांची मुदत निवडणुकीला लागू धरू नका. निकालानंतरच्या पहिल्याच महिन्यात अर्ज दाखल करा.

एकट्याने भागत नाही तेव्हा: एक-पंचमांश

दोन मार्ग असे आहेत जिथे डोकी मोजली जातात. पहिला, कलम ७६ ची विशेष सर्वसाधारण सभा: एक-पंचमांश सभासदांनी लेखी मागणी केली की एका महिन्यात सभा बोलवावीच लागते. कमिटीने बोलावली नाही तर निबंधक बोलावू शकतात. मागणीपत्रात विषय नेमके लिहा. ‘कारभारावर चर्चा’ असं लिहिलंत तर चर्चाच होईल, ठराव होणार नाही.

दुसरा, कलम ८३ ची चौकशी. निबंधक ती स्वतःहून, लेखापरीक्षकाच्या विशेष अहवालावरून किंवा एक-पंचमांश सभासदांच्या अर्जावरून सुरू करतात. ६० सभासदांच्या सोसायटीत १२ सह्या लागतात. मोजणी इथेच चुकते. नवरा-बायको दोघांनी सही केली तर ती एकच धरा. भाडेकरूची सही शून्य. ज्याचं ट्रान्सफर झालेलं नाही त्याची सही शून्य. वडिलांच्या जागी मुलाने केलेली सही संमतीपत्राशिवाय शून्य. प्रत्येक सहीसमोर फ्लॅट क्रमांक, सर्टिफिकेट क्रमांक आणि सर्टिफिकेटवर जसं आहे तसंच नाव लिहून घ्या. १२ लागत असतील तर १६-१७ गोळा करा, कारण नोटीस निघाली की दोघं-तिघं ‘मला माहीत नव्हतं कशावर सही घेतली’ असं लिहून देतात. ते टाळायचं तर आरोपांची यादी सह्यांच्याच पानावर छापा. कोऱ्या पानावर सह्या घेऊन ते मागून जोडू नका.

निबंधक चौकशीच्या खर्चापोटी अर्जदारांना रक्कम भरायला सांगू शकतात. आरोप बहुतांशी सिद्ध झाले तर ती परत मिळते. खोटे किंवा त्रास देण्यासाठी केलेले निघाले तर खर्च अर्जदारांकडून वसूल होऊ शकतो. म्हणून तीन पक्के आरोप घ्या, तेवीस संशय नकोत. ‘दिनांक अमुकच्या व्हाउचरवर साडेचार लाख दिले, कोटेशन नाही, सभेचा ठराव नाही’ हा आरोप झाला. ‘खजिनदाराने नवी गाडी घेतली’ हा आरोप नाही.

संख्या जमत नसेल तर कलम ८९-अ खाली तपासणीची विनंती करा. ती निबंधक स्वतःच्या अधिकारात करतात, डोकी मोजत नाहीत. फेर-लेखापरीक्षणासाठी कलम ८१ आहे. आणि आधीच्या ऑडिटमध्ये दोष दाखवले असतील तर कमिटीने ‘ओ’ नमुन्यात दोषदुरुस्ती अहवाल दिला का, हे विचारा. एका ओळीचा हा प्रश्न पुष्कळ कमिट्यांना अडचणीत आणतो.

चौकशीत नुकसान दिसलं तर ते जबाबदार व्यक्तींकडून भरून घेण्याची कारवाई कलम ८८ खाली होते आणि पैसे सोसायटीला मिळतात. तुम्हाला नाही. तिथे चौकशीच्या आदेशाआधीच्या पाच वर्षांचाच काळ धरतात. त्याहून जुना घोटाळा कितीही खरा असला तरी या कलमात बसत नाही. ‘नव्या कमिटीला थोडा वेळ देऊ’ म्हणत गेलेली वर्षं या हिशेबातून वजा होतात.

पदाधिकाऱ्यांवर अविश्वास ठराव आणणं सामान्य सभासदांच्या हातात नाही, हेही इथेच सांगायला हवं. त्याची मागणी कमिटीच्याच किमान एक-तृतीयांश सदस्यांनी निबंधकांकडे करायची असते. पन्नास सभासदांच्या सह्यांचं ‘अविश्वासपत्र’ दिसायला भारी दिसतं, पण कायद्याने त्याला काही किंमत नाही. त्याच पन्नासांनी कलम ७६ ची सभा मागितली असती तर कामी आलं असतं.

सहकार न्यायालयात उभं राहताना

कलम ९१ मध्ये वाद कोणाकोणात होऊ शकतो याची यादी आहे: संस्था, आजी-माजी कमिटी, पदाधिकारी, नोकर, सभासद, माजी सभासद आणि सभासदाच्या किंवा मृत सभासदाच्या हक्कातून दावा सांगणारी व्यक्ती. फ्लॅट विकून गेलेल्यालाही जादा प्रीमियम परत मागता येतो, तो या ‘माजी सभासद’ शब्दामुळे.

दोन्ही बाजू या यादीत बसल्या पाहिजेत, आणि वाद संस्थेची घटना, निवडणूक, सभा, व्यवस्थापन किंवा व्यवसाय यांच्याशी निगडित हवा. पुनर्विकासात बाहेरच्या बिल्डरविरुद्धच मनाई हवी असेल, किंवा सोसायटीने जमीन तिसऱ्याला विकली आणि तो व्यवहारच रद्द करून हवा असेल, तर हा तिसरा माणूस यादीत बसत नाही आणि दिवाणी न्यायालयाचा रस्ता धरावा लागतो. त्यासाठी कलम १६४ प्रमाणे निबंधकांना लेखी नोटीस देऊन दोन महिने थांबावं लागतं. पाडकामाची तारीख जवळ आलेली असताना हे दोन महिने आठवले, तर फार उशीर झालेला असतो.

प्रतिवादी म्हणून संस्थेला जोडायला विसरू नका. फक्त चेअरमन आणि सेक्रेटरीवर केलेला वाद लंगडा पडतो, कारण ठराव संस्थेचा असतो. ज्यांचा फायदा झाला त्यांनाही जोडा. पार्किंगचं वाटप रद्द करा म्हणायचं आणि ती जागा मिळालेल्या शेजाऱ्याला पक्षकार करायचं नाही, हे चालत नाही. शेजारधर्म आडवा येतो खरा, पण त्याला ऐकल्याशिवाय आदेश होणार नाही.

तातडीचा मनाई हुकूम कलम ९५ खाली मिळतो. तो मागायचा तर वर्क ऑर्डर निघण्याआधी जा. तुम्ही सभेत हजर होता, हात वर केलात आणि सहा महिन्यांनी तोच ठराव बेकायदा म्हणता, तर तुमच्या हक्कापेक्षा तुमच्या वागण्यावरच जास्त प्रश्न येतील. विरोध असेल तर सभेतच ‘माझा विरोध इतिवृत्तात नोंदवा’ असं सांगा आणि त्याच रात्री सेक्रेटरीला ईमेल करा. इतिवृत्ताचा मसुदा आला की १५ दिवसांत हरकत लेखी कळवा.

मर्यादाही ओळखून असावं. १९८५ साली दमन सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सभासद झाल्यावर माणसाला कायदा आणि उपविधी देतात तेवढेच हक्क उरतात. संस्थेच्या बाबतीत तो संस्थेमार्फतच बोलतो. पुनर्विकासाच्या प्रकरणांत मुंबई उच्च न्यायालय हेच तत्त्व वापरतं. बहुमताने रीतसर निवडलेला बिल्डर मला पसंत नाही, एवढ्यावर एकट्याला काम अडवता येत नाही. प्रक्रिया मोडली असेल तर मात्र येतं. ४ जुलै २०१९ च्या शासन निर्देशांप्रमाणे सभेला दोन-तृतीयांश गणपूर्ती होती का, एकूण सभासदांच्या ५१ टक्क्यांची संमती होती का, नोटीस वेळेत मिळाली का. भांडण पसंतीवर नको, यांवर घाला.

मोठ्या संकुलांत आणखी एक पेच असतो. बारा इमारतींच्या बारा सोसायट्या आणि वर एक फेडरेशन. क्लब हाउस, पाण्याची टाकी, गेट फेडरेशनकडे. पण फेडरेशनचे सभासद या सोसायट्या आहेत, तुम्ही नाही. फेडरेशनच्या हिशेबावर आक्षेप असेल तर आधी आपल्या सोसायटीच्या सभेत ठराव करून घ्या आणि सोसायटीच्या नावाने अर्ज करा.

कागद मिळवणं आणि अर्ज लिहिणं

लेखापरीक्षित ताळेबंद, सभांची इतिवृत्तं, सभासद नोंदवही आणि स्वतःच्या खात्याच्या नोंदी पाहण्याचा हक्क सभासदाला आहे; प्रती उपविधीत ठरलेलं शुल्क भरून मिळतात. माहिती अधिकाराचा अर्ज थेट सोसायटीकडे करू नका. थलप्पलम सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये स्पष्ट केलं की फक्त सहकार कायद्याखाली नोंदली गेल्याने संस्था सार्वजनिक प्राधिकरण होत नाही. उपनिबंधक कार्यालय मात्र आहे. सोसायटीने तिथे दिलेले ऑडिट रिपोर्ट, निवडणुकीचे कागद आणि विवरणपत्रं तिथून मागा.

अर्जाचा पहिला परिच्छेद साधारण असा असावा:

‘मी खाली सही करणार, सदर संस्थेच्या ब विंगमधील सदनिका क्र. ४०३ चा सभासद असून भाग प्रमाणपत्र क्र. __ माझ्या नावे आहे (प्रत जोडपत्र १). दि. __ च्या सभेतील ठराव क्र. __ मुळे माझ्या __ या हक्कास बाध येतो. याबाबत दि. __ रोजी कमिटीस लेखी अर्ज दिला (पोच जोडपत्र २). १५ दिवसांत उत्तर मिळाले नाही.’

त्यानंतर घटना तारखेनुसार, मग मोडलेली कलमं आणि उपविधी, शेवटी मागणी. मागणी एका वाक्यात मावली पाहिजे आणि ती देणं त्या अधिकाऱ्याच्या हातात असलं पाहिजे. ‘कमिटी बरखास्त करून गुन्हे दाखल करावेत’ हे प्रत्येक अर्जाखाली लिहायची सवय सोडा. अर्ज आवक विभागात देऊन प्रतीवर शिक्का आणि क्रमांक घ्या. सोसायटीला द्यायची प्रत स्पीड पोस्टने पाठवा.

परदेशात राहणाऱ्या सभासदांना कुलमुखत्यारपत्रावर तक्रार आणि वाद चालवता येतो. सर्वसाधारण सभेत मात्र मुखत्यार किंवा प्रतिनिधी चालत नाही, आदर्श उपविधी तसं स्पष्ट म्हणतात. परदेशात केलेलं मुखत्यारपत्र महाराष्ट्रात पोहोचल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक शुल्क भरून घ्या, नाहीतर ते पुराव्यात घेताना अडतं आणि दंडही बसतो. फ्लॅट कंपनीच्या नावावर असेल तर संचालक मंडळाच्या ठरावाची प्रत लागते.

निकाल विरुद्ध गेला तर मुदतीकडे लक्ष ठेवा. सहकार न्यायालयाच्या निर्णयावर अपील राज्य सहकारी अपील न्यायालयात, दोन महिन्यांत. निबंधकांच्या आदेशावर कलम १५२ चं अपील किंवा १५४ चा पुनरीक्षण अर्ज, दोन्ही दोन महिन्यांत. उपनिबंधकांच्या आदेशासाठी बहुधा विभागीय सहनिबंधकांकडे. यातलं नेमकं कोणतं लागतं हे आदेश कुठल्या कलमाखाली झाला त्यावर ठरतं, म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागा. प्रत मिळायला गेलेले दिवस मोजताना वाद होऊ नये म्हणून नकलेचा अर्ज केल्याची आणि नक्कल मिळाल्याची, दोन्ही तारखा प्रतीवर आल्या आहेत का ते तिथेच पाहून घ्या.